बांध आणि बोजा

गावकुसाबाहेर, रस्त्याच्या कडेला, दोन जमिनी शेजारी शेजारी आहेत असे समजू या. पूर्वेची जमीन एका विधवा बाईची. तिच्यात थोडा भाजीपाला होतो आणि रस्त्याच्या अंगाला एक जुनी विहीर आहे. पश्चिमेची जमीन एका कारखानदाराची. त्याने ती अकृषिक करून घेतली, तीवर तेलाची गिरणी उभारली आणि जमीन बँकेकडे गहाण ठेवून कर्ज उचलले. दोन्ही जमिनींच्या मध्ये मातीचा एक बांध आहे. बाई सासरी आली तेव्हापासून हीच हद्द, अशी तिची समजूत.

गिरणी बसली, हप्ते थकले. एके दिवशी बाई पाणी शेंदावयास गेली तो विहिरीच्या कठड्यावर बँकेची नोटीस चिकटविलेली. ‘सदर मालमत्तेचा ताबा बँकेने घेतला आहे, कोणीही तिच्याविषयी व्यवहार करू नये.’ कर्ज तिने काढले नाही, कोणाला जामीन ती राहिली नाही, सही वा अंगठा तिने कोठे केला नाही. मग तिची विहीर बँकेच्या ताब्यात गेली कशी?

हे चित्र कल्पनेतले असले तरी अशी प्रकरणे आपल्या देशातील दिवाणी न्यायालयांना आणि वसुली न्यायाधिकरणांना नवीन नाहीत. यात कोणी तरी लबाडी केलेली असते, असेही नेहमी नसते. पुष्कळदा प्रत्येक जण आपापल्या कागदाप्रमाणे खराच असतो. कागद मात्र एकमेकांशी जुळत नाहीत. म्हणून हा गुंता कसा पडतो आणि कोणत्या क्रमाने सोडवावा, हे नीट समजून घेतले पाहिजे.

जमिनीची हद्द एकाच वेळी तीन ठिकाणी नांदत असते. एक प्रत्यक्ष भूमीवर, म्हणजे बांध, कुंपण, दगड या रूपाने. दुसरी मोजणीच्या नकाशात. आणि तिसरी लोकांच्या दस्तांत, जेथे ‘पूर्वेस अमुक, पश्चिमेस तमुक’ अशी चतुःसीमा लिहिलेली असते. तिन्ही जागी ती एकच असावी, अशी अपेक्षा. पण बांध दर नांगरटीला तसूतसूने सरकतो, दस्त लिहिणारा मागच्या दस्ताची नक्कल उतरवितो, आणि नकाशा कचेरीच्या कपाटात पडून राहतो. दोन पिढ्यांत तिघांच्या तीन वाटा होतात.

मुंबई इलाख्यात गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी 1836 च्या सुमारास इंदापूर तालुक्यापासून जी मोजणी सुरू केली, तिच्यावर पश्चिम भारतातील जमीनमहसुलाची व्यवस्था पुढे उभी राहिली. त्या काळी साखळीने जमीन मोजीत. साखळी 33 फुटांची आणि तिचे सोळा आणे. एक साखळी लांब व एक साखळी रुंद, एवढी जागा म्हणजे एक गुंठा, अर्थात 1,089 चौरस फूट. आणि चाळीस गुंठ्यांचा एक एकर. मोजणीदार शेताची आकृती काढून तिच्यावर मापे लिहीत, त्या कागदाला टिपण म्हणतात. आज उपग्रहाच्या संकेतांवर चालणारी यंत्रे आली आहेत. तथापि हद्द कोठे होती हा वाद निघाला की नव्या यंत्रालाही जुन्या टिपणाचाच आधार शोधावा लागतो.

येथे एक सार्वत्रिक गैरसमज दूर केला पाहिजे. सातबाराचा उतारा हातात आला की हद्द हातात आली, असे आपण धरून चालतो. वस्तुतः सातबारावर क्षेत्राचा आकडा असतो, रेषा नसते. चाळीस गुंठे कोठून मोजावयाचे, हे उतारा सांगत नाही. शिवाय तो महसुली अभिलेख आहे. उलट पुरावा येईपर्यंत त्यातील नोंद खरी मानावी, असे महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 सांगते. परंतु मालकीचा शेवटचा निर्णय त्या नोंदीने होत नाही. तो दिवाणी न्यायालयात होतो. महाराष्ट्राबाहेर राहणाऱ्या आपल्या बांधवांच्या हाती कर्नाटकात किंवा तेलंगणात पहाणी येईल, मध्य प्रदेशात खसरा आणि खतौनी येईल, गोव्यात नमुना एक व चौदा येईल. नावे निराळी असली तरी हा भेद सर्वत्र लक्षात ठेवावा.

आता बँकेकडे वळू. गहाण म्हणजे काय? 1882 चा मालमत्ता हस्तांतरण अधिनियम म्हणतो की, कर्जाच्या तारणासाठी स्थावर मालमत्तेतील हितसंबंध दुसऱ्याकडे सोपविणे म्हणजे गहाण. यातील ‘हितसंबंध’ हा शब्द महत्त्वाचा. ज्याच्यापाशी जेवढा हक्क असेल तेवढाच तो गहाण टाकू शकतो. शेजाऱ्याची विहीर आपल्या दस्तात लिहिली म्हणून ती गहाण पडत नाही, मग त्या दस्तावर कितीही मोठी रक्कम दिलेली असो.

मग चूक कोठे होते? कर्ज देताना बँकेचा मूल्यमापक जमीन पाहावयास येतो. कर्जदार बोट दाखवितो, ‘येथपासून तेथपर्यंत माझे.’ मूल्यमापक तसा नकाशा काढतो, सातबारावरील क्षेत्राशी त्याचा मेळ घालतो, वकील हक्काचे कागद तपासतो, आणि गावदप्तरी इतर हक्कांच्या रकान्यात बँकेचा बोजा चढतो. या सगळ्यांत शेजाऱ्याला कोणी विचारीत नाही. सरकारी मोजणीही पुष्कळदा होत नाही. आपल्या उदाहरणात असेच झाले. मूल्यमापकाने बांधाच्या पूर्वेकडची साडेसोळा फूट रुंद आणि 132 फूट लांब पट्टी, म्हणजे अर्धी साखळी रुंद व चार साखळ्या लांब असे बरोबर दोन गुंठे, कर्जदाराच्या जमिनीत धरले. विहीर त्याच दोन गुंठ्यांत होती.

कर्ज थकल्यावर बँकेपुढे वसुलीचे निरनिराळे मार्ग असतात. त्यांतील कोणता तिने धरला आहे, हे प्रथम ओळखावे. कारण दाद कोठे मागावयाची हे त्यावर ठरते. पहिला मार्ग दिवाणी न्यायालयाचा. दुसरा, कर्ज वीस लाख रुपये वा त्याहून अधिक असेल तर, 1993 च्या कायद्याने निर्माण झालेल्या कर्ज वसुली न्यायाधिकरणाचा. तिसरा सहकारी संस्थांचा. त्यांना 1960 च्या महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाखाली वसुलीचा दाखला मिळविता येतो. आणि चौथा, ज्याचे नाव आज सर्वांच्या कानांवर आहे, तो 2002 च्या सरफेसी कायद्याचा. या कायद्याने बँकेला न्यायालयाची पायरी न चढता तारण ताब्यात घेण्याची व विकण्याची मुभा दिली. सहकारी बँकांनाही तो लागू आहे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 2020 साली महाराष्ट्रातीलच एका प्रकरणात दिला. मात्र शेतजमिनीवरील तारणाला हा कायदा लागू होत नाही. नोटीस शेतजमिनीविषयी असेल तर पहिली हरकत हीच घ्यावी. आपल्या उदाहरणात कारखानदाराची जमीन अकृषिक, म्हणून त्याच्यापुरता कायदा लागू. बाईच्या जमिनीत तर अजून पीक उभे आहे.

सरफेसीची चाल अशी. कर्जाचे खाते थकीत ठरले की बँक कर्जदाराला साठ दिवसांची मागणीची नोटीस देते. कर्जदाराने काही म्हणणे मांडले तर बँकेने पंधरा दिवसांत त्याला उत्तर द्यावयाचे असते. साठ दिवसांत रक्कम आली नाही तर बँकेचा प्राधिकृत अधिकारी ताब्याची नोटीस मालमत्तेवर लावतो आणि ती दोन वृत्तपत्रांत, त्यांपैकी एक स्थानिक भाषेतील, छापतो. प्रत्यक्ष ताबा मिळत नसेल तर जिल्हा दंडाधिकाऱ्याचे साहाय्य घेता येते. त्यानंतर विक्रीची नोटीस व लिलाव. यांतली पहिली नोटीस केवळ कर्जदाराला जाते. शेजाऱ्याला या सर्व प्रकरणाचा पत्ता लागतो तो भिंतीवर कागद चिकटल्यावर, आणि त्याच क्षणी त्याच्या मुदतीचे दिवस मोजू लागतात.

ही मुदत पंचेचाळीस दिवसांची. बँकेच्या अशा कारवाईने बाधा पोचलेली ‘कोणतीही व्यक्ती’, केवळ कर्जदारच नव्हे, न्यायाधिकरणाकडे सतराव्या कलमाखाली अर्ज करू शकते. ताबा फक्त कागदावर घेतला असला, विहिरीवर अद्याप कोणी कुलूप लावले नसले, तरीही हा अर्ज करता येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने 2018 साली स्पष्ट केले आहे. ‘प्रत्यक्ष कोणी येईल तेव्हा पाहू’ असे म्हणून स्वस्थ बसणारा आपल्या हाताने आपली मुदत घालवितो.

मग त्या बाईने काय करावे? क्रमाने पाहू.

पहिले काम म्हणजे नोटिशीचे छायाचित्र व तारीख जपून ठेवणे आणि प्राधिकृत अधिकाऱ्याला लेखी हरकत पोचविणे. हरकत ‘माझ्यावर अन्याय झाला’ एवढीच नसावी. जमीन क्रमांक कोणता, नेमका कोणता तुकडा, किती फूट लांब व रुंद, त्यावर काय उभे आहे, वहिवाट किती वर्षांची, हे त्यात यावे. सोबत उतारा, जुने खरेदीखत, विहिरीवरील वीजजोडणीची बिले जोडावीत आणि पोच घ्यावी. बँकेने गहाणदस्ताची चतुःसीमा व नकाशा दाखवावा, अशी मागणीही त्यातच करावी. दस्तातील क्षेत्र आणि चतुःसीमा यांत विसंगती आढळली तर सामान्यतः चतुःसीमेला अधिक वजन दिले जाते; म्हणून तो दस्त पाहणे अगत्याचे आहे.

दुसरे काम मोजणीचे. तालुक्याच्या भूमि अभिलेख कचेरीत ‘हद्द कायम’ मोजणीचा अर्ज द्यावा व फी भरावी. लगतच्या धारकांना नोटिसा जातात, ठरल्या दिवशी भूकरमापक येतो, जुन्या अभिलेखाच्या आधारे हद्दीच्या खुणा दाखवितो आणि मागाहून मोजणीचा नकाशा मिळतो. तो मान्य नसेल तर वरिष्ठ अधिकाऱ्याकडून निमताना मोजणी मागता येते. मोजणीच्या दिवशी बँकेलाही पत्र पाठवून बोलावून घ्यावे. तिच्या माघारी झालेली मोजणी तिला पटविणे कठीण जाते. मात्र मोजणीदार रेषा दाखवितो, मालकी ठरवीत नाही, हे विसरू नये.

तिसरे काम योग्य दरवाजा ठोठावण्याचे. येथे पुष्कळांचा घोटाळा होतो. न्यायाधिकरणाच्या कक्षेतील गोष्टींत दिवाणी न्यायालयाने हात घालू नये, असे सरफेसी कायद्याचे चौतिसावे कलम सांगते. ते वाचून काही जण समजतात की दिवाणी दावा आता करताच येत नाही. पण न्यायाधिकरण पाहते ते बँकेची कारवाई कायद्याप्रमाणे झाली की नाही हे. जमीन मुळात कोणाची, हा प्रश्न दिवाणी न्यायालयाचाच. जानेवारी 2025 मधील एका निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे की, कर्जाशी संबंध नसलेल्या त्रयस्थाने आपल्या मालकीच्या आधारे केलेल्या दाव्यात मालकी व दस्ताची वैधता ठरविण्याचा दिवाणी न्यायालयाचा अधिकार चौतिसाव्या कलमाने हिरावला जात नाही. म्हणून व्यवहारात असे करावे: लिलाव थोपविण्यासाठी आणि ताब्याची नोटीस दुरुस्त करून घेण्यासाठी पंचेचाळीस दिवसांच्या आत न्यायाधिकरणाकडे जावे, आणि हद्द व मालकी यांचा खरा वाद असेल तर त्यासाठी दिवाणी दाव्याचा विचार वकिलाच्या सल्ल्याने करावा. दाव्यात न्यायालय आयुक्त नेमून जागेची पाहणी व मोजणी करवून घेऊ शकते.

आता मोजणी झाली असे समजा. अशा वेळी प्रत्येकाला वाटते की रेषा आपल्याच बाजूने पडणार. आपल्या उदाहरणात ती कोणाच्याच बाजूने पडली नाही. बँकेचा नकाशा सांगत होता तशी ती पट्टीच्या पूर्वेच्या कडेने गेली नाही, आणि बाई समजत होती तशी बांधावरूनही गेली नाही. रस्त्याच्या टोकाला ती बांधाशी होती आणि मागच्या टोकाला बँकेने धरलेल्या रेषेशी. म्हणजे ती पट्टीतून तिरपी गेली. दोन गुंठ्यांचे दोन त्रिकोण झाले, प्रत्येकी एक गुंठ्याचे. रस्त्याकडचा त्रिकोण बाईचा, आणि विहीर त्यात. मागचा त्रिकोण अभिलेखाप्रमाणे कारखानदाराचा, जरी त्यावर आजवर मेथी आणि कोथिंबीर बाईची उगवत होती.

आता खरी परीक्षा. त्या मागच्या गुंठ्यावरही बाईला भांडता येईल. 1963 च्या मुदत अधिनियमाप्रमाणे मालकीच्या आधारे ताबा परत मागण्याची मुदत बारा वर्षे आहे, आणि प्रतिकूल ताब्याने हक्क मिळविणाऱ्याला स्वतः दावाही लावता येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने 2019 साली म्हटले आहे. परंतु नुसती बारा वर्षांची वहिवाट पुरत नाही. ती उघड, अखंड आणि खऱ्या मालकाचा हक्क नाकारणारी होती, हे सिद्ध करावे लागते. बांध चुकीच्या जागी होता आणि दोघेही त्याला हद्द समजून चालत होते, अशा स्थितीत हे सिद्ध करणे सोपे नसते. एका गुंठ्याच्या कोथिंबिरीसाठी किती वर्षे तारखा कराव्यात, याचा हिशेब ज्याचा त्याने करावयाचा. कायदा हक्क सांगतो. शहाणपण त्याची किंमत सांगते.

बाईने तडजोडीचा मार्ग घेतला तर तो कसा असावा? येथे एक मोठा खड्डा आहे. शेजारी शेजारी बसून, पंचांसमक्ष कागद करून हद्द ठरवितात आणि वाद मिटला असे समजतात. पण जमीन गहाण असताना बँकेला वगळून केलेल्या अशा कागदाने बँकेचे तारण कमी होत नाही. साठ दिवसांची नोटीस मिळाल्यावर तर बँकेच्या लेखी संमतीवाचून तारणाची विक्री वा भाडेपट्टा करण्यास कर्जदाराला मनाईच आहे. शिवाय स्थावराची अदलाबदल वा हक्कसोड कागदावर करावयाची तर नोंदणीचा प्रश्न येतो. म्हणून तडजोडीच्या कागदावर तिघांच्या सह्या हव्यात, बाईच्या, कर्जदाराच्या आणि बँकेच्या. सोबत मोजणीचा नकाशा हवा. आणि ती चालू प्रकरणात न्यायाधिकरणापुढे नोंदवून घ्यावी किंवा लोकअदालतीत ठेवावी. 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाप्रमाणे लोकअदालतीच्या निवाड्याला दिवाणी हुकूमनाम्याचे बळ असते आणि त्यावर अपील चालत नाही. आपल्या उदाहरणात मजकूर साधा झाला असता: बँकेने विहिरीचा गुंठा विक्रीतून वगळावा, बाईने मागच्या गुंठ्यावरील म्हणणे सोडावे, आणि नव्या रेषेवर दगड रोवावेत.

यात बँकेचे हित नाही काय? आहे, आणि ते मोठे आहे. लिलावाच्या जाहिरातीत ‘जसे आहे, जेथे आहे’ असे शब्द असतात. परंतु त्या शब्दांनी बँकेला नसलेला हक्क विकता येत नाही. लिलावात घेणाऱ्याला कर्जदाराचा जेवढा हक्क होता तेवढाच मिळतो. वर एक जिवंत भांडण मिळते. हद्दीचा वाद उघड असलेल्या जमिनीला बोली कमी येते आणि कर्ज फिटत नाही. म्हणून कर्ज देतानाच सरकारी मोजणीचा ताजा नकाशा मागावा आणि मूल्यमापकाने लगतच्या धारकांना विचारावे, एवढी दक्षता पुढची दहा वर्षे वाचविते. लिलावात जमीन घेऊ इच्छिणाऱ्यानेही बोली लावण्यापूर्वी जागेवर जाऊन शेजाऱ्याला एक प्रश्न विचारावा, ‘आपला बांध कोठला?’ वृत्तपत्रातील जाहिरातीत जे कळत नाही ते त्या एका प्रश्नात कळते.

आणि कर्जदार? तो या कथेतील खलपुरुष नाही. त्याने ज्या बांधाकडे बोट दाखविले त्याविषयी त्यालाही खात्री नसेल. गहाण देताना आपला हक्क सलामत असल्याची हमी कायदा त्याच्याकडून गृहीत धरतो. म्हणून हद्दीविषयी शंका असेल तर ती कर्ज घेण्यापूर्वीच सांगणे त्याच्या हिताचे. लिलावाची नोटीस प्रसिद्ध होण्यापूर्वी संपूर्ण थकबाकी व खर्च भरून जमीन सोडवून घेण्याचा मार्गही त्याला मोकळा असतो.

आपल्या लोकांत बांधावरून दोन घरांचे बोलणे पिढ्यान् पिढ्या बंद राहते. हातभर जमिनीसाठी भाऊ भावाच्या दारात जात नाही. पूर्वी हा वाद दोन घरांपुरता होता. आज जमिनीवर कर्ज आहे, आणि बांधाच्या वादात तिसरा पक्ष, ज्याने तो बांध कधी पाहिलाही नाही, येऊन उभा राहतो. त्याला नकाशा समजतो, तारीख समजते, सही समजते. आजोबांनी लावलेला आंबा समजत नाही. म्हणून ज्यांचे शेजाऱ्याशी आज गोडीगुलाबीचे आहे, त्यांनी आजच, भांडण नसताना, दोघांनी मिळून मोजणी करून घ्यावी आणि दगड रोवून ठेवावेत. मोजणीची फी दोघांत वाटून घेतली तर ती कोणाला जड जाणार नाही, आणि उद्या विहिरीच्या कठड्यावर कोणाचा कागद चिकटलाच, तर तो कोठवर खरा आणि कोठून खोटा, हे सांगावयास ते दगड तेथे असतील.